दप्तरी पडून राहिलेले पक्षी

१९७० सालच्या सप्टेंबर महिन्यात अमेरिकेतील येल विद्यापीठाचे प्राध्यापक जॉन ऑस्ट्रम हे नेदरलँड्समधील हार्लेम शहराच्या टायलर वस्तुसंग्रहालयात गेले, ते उडणाऱ्या प्राचीन सरीसृपांच्या, म्हणजे टेरोसॉरांच्या, अस्थी तपासण्यासाठी. तेथे त्यांच्यापुढे जे नमुने मांडण्यात आले त्यांत बव्हेरियातील चुनखडीची एक दुभंगलेली लहानशी फरशी होती. १८५५ मध्ये खाणीतून निघालेल्या या फरशीवरील मोजक्या हाडांना हेर्मान फॉन मायर या जर्मनीतील अग्रगण्य पुराजीवशास्त्रज्ञाने १८५७ मध्ये टेरोसॉरांच्या एका जातीचे नाव दिले होते, आणि तेव्हापासून ११३ वर्षे संग्रहालयाच्या दप्तरी तीच नोंद कायम होती. ऑस्ट्रम यांनी फरशी तिरप्या उजेडात धरली, तेव्हा हाडांच्या कडेने उमटलेल्या, अगदी पुसट अशा रेषा त्यांना दिसल्या. त्या पिसांच्या होत्या. टेरोसॉर म्हणून दाखल झालेला हा प्राणी, ज्याला सारे जग आद्य पक्षी म्हणून ओळखत होते आणि ज्याचे सांगाडे त्या वेळी बोटांवर मोजण्याइतकेच ठाऊक होते, तो आर्किऑप्टेरिक्स आहे अशी त्यांची खात्री झाली. विशेष हे की, आर्किऑप्टेरिक्स हे नामकरण १८६१ मध्ये करणारा विद्वानही हा फॉन मायरच; ज्या प्राण्याला नाव देण्याचा मान इतिहासाने त्याच्याकडे दिला, तो त्यापूर्वी चार वर्षे त्याच्या हाताखालून अनोळखीच निघून गेला होता.

आपल्यापुढे त्या क्षणी कोणता पेच पडला हे ऑस्ट्रम यांनी पुढे स्वतःच सांगून ठेवले आहे. नमुना अभ्यासासाठी अमेरिकेस नेण्याची परवानगी त्यांना हवी होती. आणि तो वस्तुतः काय आहे हे कळल्यावर संग्रहालय तो दाराबाहेर जाऊ देणार नाही, अशी धास्तीही होती. त्यांनी खरे तेच सांगितले. अभिरक्षक फरशी उचलून आत गेले, ऑस्ट्रम हताश होऊन बसले, आणि काही वेळाने तीच फरशी दोरीने बांधलेल्या जोड्यांच्या खोक्यात घालून अभिरक्षकांनी ती त्यांच्या स्वाधीन केली. विद्याव्यवहारातील सचोटीचे आणि औदार्याचे असे प्रसंग ग्रंथांतून क्वचितच नोंदले जातात, म्हणून तो येथे मुद्दाम दिला. पण फरशीची हकीकत तेवढ्यावर संपली नाही. २०१७ मध्ये क्रिस्टियान फोथ आणि ऑलिव्हर राउहुट यांनी तिची फेरतपासणी करून असा निर्णय दिला की, हा प्राणी आर्किऑप्टेरिक्सही नसून चीनमध्ये सापडलेल्या अँकिऑर्निस या सपिच्छ लहान डायनोसॉरच्या कुळातला आहे. आणि २००५ मध्ये निधन पावलेल्या ऑस्ट्रम यांच्या सन्मानार्थ त्यांनी त्याला ऑस्ट्रोमिया हे नाव दिले. प्रथम उडता सरीसृप, मग पक्षी, मग डायनोसॉर, अशा तीन नोंदी त्या एकाच दगडावर झाल्या.

या नोंदींकडे विद्वानांच्या गोंधळाचा दाखला म्हणून पाहण्याचा मोह कोणासही होईल. मला मात्र त्यांत एका फार मोठ्या सत्याची निःपक्षपाती साक्ष दिसते. पक्षी हे डायनोसॉरांचे वंशज आहेत, किंबहुना वंशावळीच्या काटेकोर हिशेबाने पक्षी हे डायनोसॉरांचीच आज हयात असलेली शाखा आहेत, हा सिद्धान्त आता जवळजवळ सर्वमान्य झाला आहे; पण त्याच्या बाजूने हिरिरीने लिहिणाऱ्यांच्या युक्तिवादापेक्षा, ज्यांच्या मनात असा काही सिद्धान्त नव्हता अशा जाणत्या माणसांच्या हातून झालेल्या चुका मला अधिक बोलक्या वाटतात. बव्हेरियातच १९५१ मध्ये सापडलेला एक सांगाडा काँप्सोग्नॅथस या कोंबडीएवढ्या डायनोसॉरचे पिल्लू म्हणून दोन दशके गणला गेला, आणि पिसांचे ठसे नीट दिसल्यावर तो आर्किऑप्टेरिक्स ठरला. त्याच खडकातील आणखी एक सांगाडा अशाच समजुतीने एका खासगी संग्रहात राहिला व १९८८ मध्ये पेटर वेल्नहोफर यांनी त्याची खरी ओळख पटवली. अस्थींचा अभ्यास करण्यात ज्यांचे आयुष्य गेले त्यांनाही, पिसे दिसत नाहीत तोवर, पक्षी कोणता आणि डायनोसॉर कोणता हे सांगता येऊ नये, यापरते नात्याचे प्रमाण ते कोणते असावयाचे?

झोल्नहोफेनच्या ज्या चुनखडीतून हे सारे निघाले ती इतकी सूक्ष्मकण व घट्ट आहे की, शिळाछापाची कला निघाल्यापासून युरोपातील छापखान्यांत तिच्याच फरशा वापरल्या जात. सुमारे १५ कोटी वर्षांपूर्वी तेथे उष्ण, उथळ खाजणे होती. तळाच्या खारट, प्राणवायुहीन पाण्यात जे पडे ते कुजण्यापूर्वी गाळाखाली जाई आणि त्याचा बारीकसारीक तपशीलही टिकून राही. १८६० मध्ये तेथे एक सुटे पीस सापडले आणि पुढल्याच वर्षी जवळजवळ संपूर्ण सांगाडा. कार्ल हेबरलाइन नावाच्या वैद्याकडे तो आला व त्याच्याकडून इतर जीवाश्मांसह तो ७०० पौंडांना ब्रिटिश म्युझियमने घेतला. डार्विनचा ग्रंथ प्रसिद्ध होऊन तेव्हा पुरती तीन वर्षेही झाली नव्हती. पक्ष्याप्रमाणे पिसे असलेले पंख, पण त्यांना नखे. पक्ष्याप्रमाणे पाऊल, पण मागे वीसहून अधिक मणक्यांची लांब अस्थिमय शेपटी. ज्यांनी १८४२ मध्ये ‘डायनोसॉर’ ही संज्ञा रूढ केली त्या रिचर्ड ओवेन यांनीच या सांगाड्याचे वर्णन लिहिले आणि तो पक्षी असल्याचा निर्वाळा दिला. परंतु या दोन वर्गांत काही रक्ताचे नाते असावे असे म्हणण्याची त्यांची तयारी नव्हती. ते म्हणण्याचे धाडस टॉमस हक्स्ली यांनी केले. १८६८ आणि १८७० मधील निबंधांत त्यांनी डायनोसॉरांचा कटिप्रदेश, मांडी, घोटा व पाऊल यांची पक्ष्यांच्या अवयवांशी एकेका हाडाने तुलना करून दाखवली. हक्स्लींचे हे निबंध आजही वाचनीय आहेत, आणि त्यांतील मूळ निरीक्षण दीडशे वर्षांनंतरही खोटे ठरलेले नाही.

मग पुढे हा विषय मागे का पडला? त्याचे उत्तर एका लहानशा हाडात आहे. कोंबडी कापताना मानेच्या तळाशी दुबेळक्याच्या आकाराचे जे नाजूक हाड सापडते, ते म्हणजे दोन्ही बाजूंच्या जत्रुकांचा, गळ्याखालच्या आडव्या हाडांचा, एकजीव झालेला जोड होय. गेर्हार्ड हाइलमान हे डेन्मार्कमधील एक चित्रकार. विद्यापीठाची कोणतीही सनद नसताना त्यांनी पक्ष्यांच्या उत्पत्तीवर वर्षानुवर्षे परिश्रम केले, आणि १९२६ मध्ये इंग्रजीत प्रसिद्ध झालेला त्यांचा ग्रंथ या विषयावरील अखेरचा शब्द मानला गेला. त्यांची पद्धत निर्दोष होती. मांसाहारी द्विपाद डायनोसॉरांचे पक्ष्यांशी असलेले साम्य त्यांनी कोणाहीपेक्षा अधिक बारकाईने नोंदवले. आणि मग असा आक्षेप काढला की, या डायनोसॉरांना जत्रुके नाहीत, आणि वंशपरंपरेत एकदा लोपलेला अवयव पुन्हा उत्पन्न होत नाही, तेव्हा जत्रुके असलेल्या पक्ष्यांचे ते पूर्वज असूच शकत नाहीत. म्हणून पक्ष्यांचा मूळपुरुष त्यांनी डायनोसॉरांच्याही मागे, अधिक प्राचीन सरीसृपांत शोधला. एका हाडाच्या अभावावर निकाल दिला गेला आणि चाळीसहून अधिक वर्षे तो कोणी फिरवला नाही.

ते हाड त्या वेळीही छापील पानावर होते, ही या प्रकरणातील सर्वांत विलक्षण गोष्ट आहे. रॉय चॅपमन अँड्र्यूज यांच्या नेतृत्वाखालील मोहिमेला १९२३ मध्ये मंगोलियाच्या गोबी वाळवंटात अंड्यांच्या एका घरट्यावर एका मांसाहारी डायनोसॉरच्या अस्थी सापडल्या. अंडी प्रोटोसेराटॉप्स या शाकाहारी प्राण्याची असावीत, कारण त्याचेच सांगाडे तेथे विपुल होते. तेव्हा घरट्यावर सापडलेला हा परका प्राणी अंडी चोरावयास आला असला पाहिजे, असा तर्क होऊन हेन्री ऑसबर्न यांनी १९२४ मध्ये त्याचे नाव ओव्हिरॅप्टर, म्हणजे अंडीचोर, असे ठेवले. हे नाव या प्राण्यावर अन्याय करणारे ठरू शकेल अशी शंकाही त्यांनी तेथेच नोंदवून ठेवली, हे त्यांच्या विवेकाला शोभणारेच होते. त्याच निबंधातील आकृतीत त्या प्राण्याच्या छातीशी दुबेळक्याचे ते हाड काढलेले आहे. केवळ त्यावर नाव वेगळ्या हाडाचे पडले. हाइलमान यांचा ग्रंथ त्यानंतर दोन वर्षांनी आला. मंगोलियन शास्त्रज्ञ रिंचेन बार्सबोल्ड यांनी त्या हाडाला त्याचे खरे नाव दिले तेव्हा अर्धशतक लोटले होते.

चोरीच्या आरोपाचा निकाल लागायला त्याहून अधिक काळ गेला. १९९३ मध्ये गोबीतच मार्क नॉरेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांना तशाच आकाराचे एक अंडे मिळाले, ज्याच्या आत गर्भाची हाडे शाबूत होती. ती प्रोटोसेराटॉप्सची नसून ओव्हिरॅप्टरच्याच कुळातील होती. त्याच मोसमात, त्याच कुळातला एक प्रौढ प्राणी अंड्यांवर बसलेल्या स्थितीत अश्मीभूत झालेला आढळला: पाय पोटाशी दुमडलेले, पुढचे दोन्ही हात घरट्याच्या कडेने पसरलेले, जसे आजचा उबवणारा पक्षी पंख पसरून बसतो अगदी तसे. वाळूच्या ढिगाखाली तो गाडला गेला, तरी घरट्यावरून हलला नाही. ज्याला सत्तर वर्षे अंडीचोर म्हटले गेले तो बहुधा आपल्याच अंड्यांचा राखणदार होता. आणि अंडी उबवण्याचा जो स्वभाव आपण पक्ष्यांचा म्हणून मानतो, तो उडता येण्याशी काहीएक संबंध नसलेल्या प्राण्यांत आधीपासूनच रुजलेला होता.

हक्स्लींचा पक्ष पुन्हा उभा राहिला तो मात्र माँटानातील एका हातामुळे. १९६४ च्या ऑगस्टमध्ये ब्रिजर या गावाजवळ ऑस्ट्रम आणि त्यांचे सहायक ग्रँट मायर यांना उतारावर एक नखयुक्त पंजा मातीबाहेर आलेला दिसला. सुमारे ११ कोटी वर्षांपूर्वीच्या या चपळ शिकारी प्राण्याला १९६९ मध्ये ऑस्ट्रम यांनी डायनोनिकस हे नाव दिले. त्याच्या मनगटात अर्धचंद्राच्या आकाराचे एक हाड होते, ज्यामुळे हाताचा पंजा बाजूस दुमडता येई आणि झटक्यासरशी पुढे उघडता येई. भक्ष्य पकडण्याची ही हालचाल आणि पक्ष्याने पंख मारण्याची हालचाल यांत यंत्ररचनेच्या दृष्टीने फरक अल्प आहे. हार्लेमची ती फरशी नेमकी याच काळात त्यांच्या हाती आली. आर्किऑप्टेरिक्सचे उपलब्ध सांगाडे त्यांनी एकामागून एक तपासले, आणि त्या प्रत्येकाचे मनगट, खांदा, बोटे व कंबर यांत त्यांना लहान आकाराचा डायनोनिकसच दिसू लागला. १९७० च्या दशकातील त्यांच्या निबंधांनी वादाला तोंड फुटले. १९८६ मध्ये जॅक गॉथिए यांनी अनेक शारीरिक लक्षणांची सारणी मांडून पक्ष्यांची जागा डायनोसॉरांच्या वंशवृक्षातच निश्चित केली.

उरली होती ती पिसे. ती १९९६ मध्ये ईशान्य चीनच्या लिआओनिंग प्रांतात एका शेतकऱ्याला सापडलेल्या दगडातून आली. सुमारे १२.५ कोटी वर्षांपूर्वी तेथील सरोवरांच्या तळाशी ज्वालामुखीच्या राखेखाली सारा जीवसमुदाय दडपला गेला होता, आणि त्यातल्या या लहान डायनोसॉरच्या मानेपासून शेपटीच्या टोकापर्यंत मऊ तंतूंची झालर उमटलेली होती. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये न्यूयॉर्क येथे पुराजीवशास्त्रज्ञांचे वार्षिक संमेलन भरले असता चेन पेइजी यांनी त्याची छायाचित्रे बरोबर नेली होती. ऑस्ट्रम तेथे हजर होते. वर्षानुवर्षे जे अनुमानाने सांगितले ते डोळ्यांपुढे आल्यावर या वृद्ध माणसाला स्वतःला सावरणे कठीण गेले, असे उपस्थितांनी लिहून ठेवले आहे.

त्यानंतर लिआओनिंगच्या खडकांनी जे दिले त्याने कोणाही अभ्यासकाने दिपून जावे. हातांवर आणि शेपटीवर पूर्ण विकसित पिसे असूनही उडण्यास असमर्थ असलेला कॉडिप्टेरिक्स. हातांप्रमाणे पायांवरही पंख असलेला मायक्रोरॅप्टर. आणि २०१२ मध्ये वर्णिलेला युटिरॅनस, सुमारे ९ मीटर लांबीचा, वजनाने हजार किलोहून अधिक, आणि तरीही अंगभर पिसांच्या तंतूंनी झाकलेला. २०१० मध्ये तर त्या पहिल्या तंतुधारी प्राण्याच्या, सायनोसॉरोप्टेरिक्सच्या, शेपटीतील रंगकणांचे सूक्ष्म अवशेष तपासून ती तांबूस व पांढऱ्या पट्ट्यांची होती हेही सांगता आले. या खजिन्याबरोबर भेसळही बाजारात आली: भिन्न प्राण्यांचे तुकडे जोडून केलेला एक बनावट ‘दुवा’ १९९९ मध्ये मोठ्या गाजावाजाने प्रसिद्ध झाला, आणि त्याच्या शेपटीचा दुसरा भाग शोधून शू शिंग या चिनी शास्त्रज्ञानेच तो बनाव उघडकीस आणला. ‘पूर्वज वंशजापेक्षा अलीकडचा कसा?’ हा विरोधकांचा जुना आणि रास्त आक्षेपही, आर्किऑप्टेरिक्सहून सुमारे कोटभर वर्षांनी जुना असलेला सपिच्छ अँकिऑर्निस २००९ मध्ये नीट अभ्यासला गेल्यावर निकालात निघाला.

हे सारे एकत्र पाहिले म्हणजे कळते की, पक्षी अमुक दिवशी अवतरला असे म्हणण्याजोगा दिवसच नव्हता. अर्जेंटिनातील इशिगुआलास्तो येथे सुमारे २३ कोटी वर्षांपूर्वीचे जे आरंभीचे डायनोसॉर सापडतात ते दोन पायांवर चालणारे आहेत. पुढे मांसाहारी शाखेत हाडे पोकळ झाली, कशेरुकांत हवेच्या पिशव्या शिरल्या, जत्रुके जुळली, हाताची बोटे तीन उरली. मग ऊब धरण्यासाठी, किंवा जोडीदारापुढे मिरवण्यासाठी, तंतू आले व त्यांची पिसे झाली. आणि याच ओळीत सुमारे पाच कोटी वर्षे शरीर सातत्याने लहान होत गेले, असे २०१४ मध्ये मायकल ली यांच्या गटाने गणिताने दाखवले. अंडी घालणाऱ्या पक्षिणीच्या हाडांत कवचासाठी चुना साठवणारा जो तात्पुरता स्तर तयार होतो, तो मेरी श्वाइट्झर यांना २००५ मध्ये टिरॅनोसॉरसच्या मांडीच्या हाडात आढळला. उडण्याची शक्ती या साऱ्याच्या अखेरीस आली, आणि तिच्यासाठी लागणारे जवळजवळ प्रत्येक साधन दुसऱ्याच कोणत्या तरी कामासाठी आधी सिद्ध होऊन बसलेले होते. निसर्गाच्या इतिहासात याहून भव्य असे काही मला ठाऊक नाही.

६.६ कोटी वर्षांपूर्वी मेक्सिकोच्या युकातान किनाऱ्यावर अशनी आदळला आणि पक्ष्यांखेरीज बाकीचे सारे डायनोसॉर नाहीसे झाले. त्याच काळात दख्खनवर लाव्हारसाचे थरांवर थर पसरत होते, ज्यांचे सह्याद्रीचे कडे झाले. त्या लाव्ह्याने झाकण्यापूर्वीची जमीन नर्मदेच्या खोऱ्यात आणि पूर्व विदर्भात अद्याप उघडी सापडते. तिला लॅमेटा थर म्हणतात. पुढे ठगांच्या बंदोबस्तासाठी नाव मिळवणाऱ्या कॅप्टन स्लीमन यांना १८२८ मध्ये जबलपूर येथे याच थरात हाडे मिळाली. चंद्रपूर जिल्ह्यातील वरोड्याजवळच्या पिसदुरा येथून नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी एकोणिसाव्या शतकातच अवशेष गोळा केले. पिसदुऱ्याला प्रचंड शाकाहारी डायनोसॉरांची अश्मीभूत विष्ठाही मिळते. २००५ मध्ये वंदना प्रसाद व त्यांच्या सहकाऱ्यांनी ती सूक्ष्मदर्शकाखाली तपासली, तेव्हा तीत किमान पाच प्रकारच्या गवतांचे सिलिकाकण निघाले, आणि डायनोसॉरांच्या काळी पृथ्वीवर गवत नव्हते हा समज वऱ्हाडाच्या सीमेवरील एका खेड्यातील दगडांनी कायमचा मोडला.

फेरवाचनाचे याहून सुंदर उदाहरण गुजरातमधील धोळी डुंगरीचे आहे. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे धनंजय मोहबे यांना तेथे डायनोसॉरची अंडी व त्यांशेजारी नुकत्याच बाहेर पडलेल्या पिल्लाची हाडे एकाच दगडात सापडली, आणि १९८७ मध्ये त्यांनी त्यांचे वर्णन प्रसिद्ध केले. २००१ मध्ये मिशिगन विद्यापीठाचे जेफ्री विल्सन तो दगड पाहत असता, त्यातील काही कशेरुके पिल्लाची नसून सर्पाची आहेत हे त्यांच्या ध्यानात आले. दोघांनी मिळून पुन्हा काम केले आणि २०१० मध्ये निबंध आला: सुमारे साडेतीन मीटर लांबीचा सर्प, फुटलेल्या अंड्याभोवती वेटोळे घालून, अर्ध्या मीटरच्या पिल्लाशेजारी. सर्पाचे नाव सनाजेह इंडिकस. ज्यांनी तो दगड प्रथम शोधला त्यांनीच दुरुस्त वाचनावर आपले नाव घातले. हार्लेमच्या अभिरक्षकांइतकेच हेही मला आदरणीय वाटते.

पक्ष्यांच्या प्रश्नाशी सर्वांत निकटचा भारतीय पुरावा मध्य प्रदेशातील धार जिल्ह्याचा आहे. बाग व कुक्षी यांच्या परिसरात टायटॅनोसॉर या अजस्र शाकाहारी डायनोसॉरांची ९२ घरटी व २५६ अंडी दिल्ली विद्यापीठाच्या हर्षा धीमान, गुंटुपल्ली प्रसाद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०२३ मध्ये प्रसिद्ध केली. त्याच्या आदल्या वर्षी त्यांनी पाडल्या येथील एका अंड्याचे वर्णन केले होते, ज्याच्या आत दुसरे कवचबंद अंडे आहे. हा दोष आजवर कासवांत, सरड्यांत किंवा मगरींत पाहण्यात आलेला नाही. तो पक्ष्यांत आढळतो, कारण पक्षिणीच्या अंडनलिकेत अंडी एकेक करून तयार होतात, आणि पूर्ण झालेले अंडे क्वचित मागे सरकून त्यामागून येणाऱ्या अंड्यात बंदिस्त होते. टायटॅनोसॉर पक्ष्यांचे पूर्वज नव्हेत. त्यांची शाखा मांसाहारी शाखेपासून वीस कोटींहून अधिक वर्षांपूर्वी फुटली. तेव्हा अंडी क्रमाने घालण्याची पक्ष्यांची रीत पिसांच्याही आधीची, दोन्ही शाखांच्या समाईक पूर्वजापर्यंत जाणारी असू शकेल, हा विचार त्या एका सदोष अंड्याने पुढे आणला आहे. आणि त्याची तपासणी धारच्या उरलेल्या घरट्यांपासूनच सुरू करता येण्याजोगी आहे.